चाकसूचा मध्याह्न आणि जयपूरची सावली

मुंबईहून सवाई माधोपूरमार्गे जयपूरला जाणाऱ्या गाडीला शेवटच्या टप्प्यात चाकसू नावाचे एक स्टेशन लागते. वेगवान गाड्या तेथे सहसा थांबत नाहीत आणि उतरण्यासाठी सामान आवरू लागलेल्या प्रवाशांचे लक्षही त्या पाटीकडे जात नाही. जयपूरच्या दक्षिणेस सुमारे ४० किलोमीटरवर, टोंककडे जाणाऱ्या हमरस्त्यावर वसलेले हे गाव जुन्या लेखांतून चाटसू ह्या नावाने भेटते. गुहिल वंशातील बालादित्य राजाचा दहाव्या शतकाच्या सुमाराचा शिलालेख येथे सापडला. तो वाचून विद्वानांपुढे ठेवण्याचे काम देवदत्त रामकृष्ण भांडारकर ह्या मराठी पंडिताने केले. एरवी चाकसूची ख्याती आहे ती शील की डुंगरी ह्या टेकडीवरील शीतलामातेच्या जत्रेसाठी. होळीनंतरच्या अष्टमीला आसपासच्या खेड्यांतून माणसे लोटतात आणि आदल्या रात्री शिजवून थंड केलेल्या अन्नाचा नैवेद्य देवीला दाखवितात.

ह्या जत्रेच्या तिथीतच एक मौज आहे. चाकसूचा ग्रामस्थ त्या दिवसाला चैत्र कृष्ण अष्टमी म्हणतो. त्याच दिवशी सातारा-सांगलीकडचा मनुष्य पंचांग उघडून फाल्गुन वद्य अष्टमी वाचतो. चंद्र एकच, अष्टमी एकच. परंतु उत्तरेकडे महिना पौर्णिमेला संपतो आणि आपल्याकडे अमावास्येला. काळ मोजण्याच्या कामात माणसामाणसांत असे किती करार-मदार दडलेले असतात, ह्याची कल्पना पंचांगाची दोन पाने शेजारी ठेवली म्हणजे येते.

दुसरी गोष्ट ह्याहून सूक्ष्म आहे. चाकसू जयपूरच्या किंचित पूर्वेला आहे. त्यामुळे तेथे सूर्य मध्यावर येतो तो जयपूरच्या आधी सुमारे अर्धा मिनिट. हे अर्धे मिनिट व्यवहारात कोणाच्याही खिजगणतीत नाही. रेल्वेच्या वेळापत्रकात त्याला रकाना नाही. मात्र चाकसूहून तासाभराच्या वाटेवर, जयपूरच्या राजवाड्याशेजारी, दगडचुन्याचे एक प्रचंड यंत्र उभे आहे. त्याच्या पट्टीवर हे अर्धे मिनिट पंधरा खुणांइतके भरते. म्हणजे सव्वातीन सेंटिमीटरांइतके, कोणालाही नुसत्या डोळ्यांनी दिसावे इतके. प्रकाश आणि काळ ह्या दोनच विषयांना वाहिलेली एक विद्यासभा एके काळी ह्या यंत्राभोवती जमली होती. तिला अकादमी हे नाव नव्हते, सनद नव्हती, सभासदांची नोंदवहीही नव्हती. तरी तिच्यात महाराष्ट्रीय पंडित होते, अरबी-फारसीचे जाणकार होते, आग्र्याचा जेझुइट पाद्री होता आणि सर्वांच्या मध्यभागी, स्वतः वेध घेणारा एक राजा होता.

तो राजा म्हणजे सवाई जयसिंह. जन्म ३ नोव्हेंबर १६८८. मराठी मुलुखाशी त्याची पहिली ओळख झाली ती विद्येच्या निमित्ताने नव्हे. औरंगजेबाच्या हुकुमाने तो दक्षिणेत आला आणि १७०२ मध्ये खेळण्याच्या, म्हणजे आपल्या विशाळगडाच्या वेढ्यात लढला. तेव्हा त्याचे वय तेरा वर्षांचे होते. सह्याद्रीच्या पावसात तंबू ठोकून बसलेला हा पोर पुढे युक्लिडचे संस्कृतीकरण करवून घेईल, असे त्या वेढ्यात कोणाच्या स्वप्नातही आले नसेल. पुढच्या आयुष्यात मराठ्यांशी त्याचा संबंध कधी तलवारीचा, कधी तहाचा राहिला. १७३५ मध्ये बाजीरावाच्या मातुःश्री राधाबाई उत्तरेच्या यात्रेला निघाल्या, तेव्हा जयसिंहाने त्यांचा मोठा आदरसत्कार केला; दुसऱ्या वर्षी किशनगडजवळ तो स्वतः बाजीरावाला भेटला. राजकारणाचा हा धागा पुढे पुन्हा हाती घ्यावा लागेल.

जयसिंहाला आकाशाचे वेड लहानपणापासूनचे. पंचांगात सांगितलेली ग्रहणाची वेळ आणि प्रत्यक्ष ग्रहणाची वेळ जुळत नाही, कोष्टकातील ग्रह एकीकडे आणि आकाशातील ग्रह दुसरीकडे, ही तक्रार त्याच्या काळी नवी नव्हती. नवे होते ते त्यावर त्याने काढलेले औषध. बादशहा मुहम्मदशहाच्या नावाने तयार झालेल्या त्याच्या फारसी ग्रहकोष्टकाच्या प्रस्तावनेत तो आपला अनुभव मोकळेपणाने नमूद करतो. समरकंदच्या उलुघबेगाच्या परंपरेला अनुसरून त्याने आधी पितळेची यंत्रे करविली. ती लहान पडली. त्यांचे आस झिजले, मध्यबिंदू सरकले, प्रतले ढळली. प्राचीनांचे वेध चुकले असतील तर अशाच कारणांनी चुकले असावेत, असे अनुमान काढून त्याने पितळ बाजूला ठेवले आणि दगडचुना जवळ केला. यंत्र जितके मोठे तितकी खूण बारीक आणि यंत्र जितके जड तितके ते अढळ, असा त्यामागचा विचार होता. १७२४ मध्ये दिल्लीची वेधशाळा उभी राहिली. मागोमाग जयपूर, उज्जैन, काशी आणि मथुरा. जयपूर शहराचीच पायाभरणी १७२७ सालची. तेथल्या वेधशाळेचे मुख्य बांधकाम त्यानंतरच्या सहा-सात वर्षांतले. मथुरेची वेधशाळा आज नामशेष झाली आहे. बाकीच्या चार अजून पाहावयास मिळतात.

जयपूरच्या सम्राट यंत्राकडे प्रथम पाहणाऱ्याला ते यंत्र वाटतच नाही. एका त्रिकोणी भिंतीवर पायऱ्या चढत जातात आणि माथ्यावर छत्री आहे. एखाद्या राजवाड्याचा जिना उभा राहावा, पण वाडाच बांधावयाचा राहून जावा, तसे काहीसे ते दिसते. भिंतीची उंची सुमारे २७ मीटर. तिची उतरती कड पृथ्वीच्या अक्षाला समांतर आहे, म्हणजे ती बरोबर ध्रुवाकडे रोखलेली आहे. क्षितिजाशी तिचा कोन जयपूरच्या अक्षांशाइतका, २७ अंशांना किंचित कमी. हेच यंत्र उचलून चाकसूला नेले असते तर ते चुकले असते, कारण तेथला अक्षांश सुमारे एक तृतीयांश अंशाने कमी आहे. घड्याळ खिशात घालून गावोगाव फिरता येते. हे यंत्र ज्या भूमीवर उभे आहे तिचेच ते.

भिंतीच्या दोन्ही अंगांना संगमरवरी कडेच्या दोन कमानी आहेत, प्रत्येकी वर्तुळाच्या पावभागाएवढ्या. त्यांची त्रिज्या सुमारे १५ मीटर. सकाळी भिंतीची सावली पश्चिमेच्या कमानीच्या माथ्यावर पडते आणि खाली उतरू लागते. दुपारी ती पायथ्याशी येऊन पलीकडे जाते आणि पूर्वेच्या कमानीवर चढू लागते. तासाला चार मीटर हा तिचा वेग. सेकंदाला मिलिमीटरभर. पट्टीजवळ उभे राहून शांत चित्ताने पाहिले तर सावली चालताना दिसते. सावली सरकलेली आपण सर्वांनी पाहिली आहे. सरकताना पाहणे हा अनुभव निराळा, आणि लहान मुलांना तो फार आवडतो. आपल्या पूर्वजांनी अहोरात्राचे ६० घटिका आणि घटिकेची ६० पळे केली. म्हणजे पळ २४ सेकंदांचे. आपल्याकडे लग्नात पाण्यावर तांब्याची वाटी सोडून घटिका मोजीत, ती बुडाली की मुहूर्ताची वेळ भरली असे समजत. त्या घटिकापात्राच्या जगात दोन सेकंद, म्हणजे पाच विपळे, हा ग्रंथात वाचावयाचा शब्द होता. जयसिंहाने तो दगडावर कोरला.

परंतु येथेच प्रकाशाने काळाची वाट अडविली आहे. सूर्य हा बिंदू नाही, बिंब आहे. आकाशात त्याची रुंदी अर्ध्या अंशाची. त्यामुळे भिंतीच्या सावलीला धारदार कड नसते. गडद छाया आणि पूर्ण ऊन ह्यांच्या मध्ये उपच्छायेचा एक पट्टा असतो, काळोखाकडून उजेडाकडे हळूहळू विरत जाणारा. सम्राट यंत्रावर हा पट्टा सुमारे १३ सेंटिमीटर रुंद पडतो आणि तेवढे अंतर सावली दोन मिनिटांत चालते. खुणा दोन सेकंदांच्या आणि कड दोन मिनिटांची! वर्तुळ जितके मोठे करावे तितका हा धूसर पट्टाही मोठा होत जातो. नुसत्या आकाराने ही अडचण सुटत नाही. काही टीकाकारांनी ह्यावरून जयसिंहाच्या भव्यतेची थट्टा केली आहे. ती पूर्णपणे न्याय्य नाही. पट्टीपासून बोटभर अंतरावर कडेला समांतर असा एक ताणलेला दोरा किंवा बारीक काडी धरली तर उन्हात तिची स्वतःची सावली स्पष्ट दिसते. ती उपच्छायेतून सरकवीत नेली की एका जागी विरून जाते. ती जागा पुन्हा पुन्हा पाहिली आणि हात मुरला की वेध काही सेकंदांच्या आत येऊ शकतो. म्हणजे यंत्राची अचूकता निम्मी दगडात आणि निम्मी पाहणाऱ्याच्या सरावात होती. दगड उरला. सराव उरला नाही, आणि ह्या सगळ्या कथेतील खरी हळहळ तीच आहे.

ह्या अडचणीवर जयसिंहाजवळ आणखी एक तोड होती. सम्राट यंत्राच्या कमानींना आधार देणाऱ्या बांधकामात काळोख्या खोल्या आहेत. त्यांत षष्ठांश यंत्र बसविले आहे. छताजवळच्या बारीक छिद्रातून मध्याह्नी ऊन आत येते आणि खालच्या ६० अंशांच्या चापावर सूर्याचे स्वच्छ, वाटोळे बिंब उमटते. बाहेर सावलीची कड धूसर. आत प्रकाशाची कड रेखीव. बिंबाच्या दोन्ही कडा वाचल्या की मध्य काढता येतो. दहाव्या शतकाच्या अखेरीस इराणातील रय येथे अल खुजंदीने असे यंत्र बांधले होते. त्याचा हा जयपुरी वंशज. क्रांतिवृत्ताचा तिरकसपणा जयसिंहाने २३ अंश २८ कला काढला आणि तो त्या काळच्या उत्तम मानांशी जुळतो. बाकीच्या यंत्रांचे वर्णन लांबवीत नाही. एकाचा मात्र उल्लेख हवा: जयप्रकाश. जमिनीत खोदलेल्या दोन संगमरवरी कटोऱ्यांवर तारा ताणलेल्या आणि मध्ये एक कडे. कड्याची सावली कटोऱ्यात जेथे पडेल तेथे सूर्याचे आकाशातील स्थान वाचावयाचे. आकाश पालथे करून पायाखाली पसरल्यासारखे ते दिसते.

आता माणसांकडे वळावे. ह्या सभेतील सर्वांत मोठे नाव जगन्नाथ पंडित ह्यांचे. त्यांना सम्राट जगन्नाथ म्हणत. ते महाराष्ट्रीय ब्राह्मण होते. शिवछत्रपतींवरच्या स्वारीत जयसिंहाने त्यांना हेरून उत्तरेला नेले अशी एक गोष्ट सांगतात. पण शिवछत्रपतींवर चालून आले ते मिर्झाराजे जयसिंह, ह्या जयसिंहाचे पूर्वज. दोन जयसिंहांची गल्लत करणारी ही गोष्ट सोडून दिली तरी मूळ मुद्दा राहतोच. वेदवेदांगांत मुरलेल्या ह्या पंडिताने अरबी आणि फारसी आत्मसात केली आणि नसिरुद्दीन तूसीने अरबीत सिद्ध केलेल्या दोन ग्रीक ग्रंथांना संस्कृत देह दिला. युक्लिडच्या भूमितीचे पंधरा अध्यायांचे ‘रेखागणित’ झाले. टॉलेमीच्या ज्या ग्रंथाला अरब अल मजिस्ती म्हणत, त्याचा ‘सम्राट सिद्धान्त’ झाला.

ह्या दोन ग्रंथांत एक नाजूक फरक आहे आणि तो डोळ्याआड करू नये. ‘रेखागणिता’च्या आरंभी असे सांगितले आहे की हे शास्त्र ब्रह्मदेवाने विश्वकर्म्याला सांगितले, परंपरेने ते पृथ्वीवर आले, पुढे लुप्त झाले आणि जयसिंहाच्या आज्ञेने पुन्हा प्रकट झाले. युक्लिडचे नाव तेथे नाही. ‘सम्राट सिद्धान्ता’त मात्र अरबी ग्रंथाचा नामनिर्देश आहे. पहिल्या ठिकाणी पंडिताला वाचकांच्या सोवळ्याची चिंता वाटली असेल काय? शक्य आहे. परकी विद्या घरात घेताना तिला आपल्याच देवघरातली म्हणून घेण्याची ही युक्ती जगाच्या पाठीवर सर्वत्र आढळते. पण ज्ञानाच्या व्यवहारात धनकोचे नाव खातेवहीत लिहावे, हा नियम शेवटी बरा. दुसऱ्या ग्रंथात जगन्नाथ पंडितांनी तो पाळला, ही त्यांच्या मोठेपणाला शोभणारी गोष्ट होय. ‘रेखागणित’ छापून निघाले ते पुष्कळ उशिरा, १९०१-०२ मध्ये, आणि तेही मुंबईच्या संस्कृत ग्रंथमालेत. मराठी वाचकाला भारतीय ज्योतिषाचा समग्र इतिहास मात्र त्याआधीच मिळाला होता. शंकर बाळकृष्ण दीक्षितांचे ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ १८९६ चे. शाळाखात्यात नोकरी करून त्या माणसाने ते उभे केले. सरकारी नोकरीत विद्याव्यासंगाला वेळ मिळत नाही असे म्हणणाऱ्यांनी त्याची जाडी एकदा हातात घेऊन पाहावी.

जयसिंहाच्या पदरी महाराष्ट्रीय पंडित आणखीही होते. व्रतवैकल्यांचा ‘जयसिंहकल्पद्रुम’ रचणारे रत्नाकर पुंडरीक हे त्यांतले एक. ह्या मंडळींबरोबरच राजाने युरोपकडेही हात पुढे केला. आग्र्याचे पाद्री मानुएल द फिगेरेदो ह्यांच्याबरोबर त्याने १७२७ च्या सुमारास आपली माणसे गोव्याच्या मार्गाने पोर्तुगालला पाठविली. ती परत आली ती फ्रेंच ज्योतिर्विद ला हीर ह्याची कोष्टके घेऊन. जयसिंहाने ती आपल्या वेधांशी ताडून पाहिली. चंद्राच्या स्थानात अर्ध्या अंशाचा फरक त्याला दिसला आणि त्याने तो कोणतीही भीड न बाळगता लिहून ठेवला. १७३४ मध्ये चंद्रनगरहून दोन फ्रेंच पाद्री निघाले आणि वाटेतील गावांचे अक्षांश-रेखांश मोजीत जयपूरला पोहोचले. दुर्बीण राजाला ठाऊक होती. शुक्राच्या कला आणि गुरूचे चंद्र तिच्यातून दिसतात हे त्याने नोंदविले आहे. मात्र कोन मोजण्याच्या यंत्रावरच दुर्बीण बसवावयाची, ही युरोपात रूढ होऊन गेलेली युक्ती त्याच्या दगडांपर्यंत पोहोचली नाही.

ला हीर ज्या संस्थेचा सभासद होता ती पॅरिसची विज्ञान अकादमी १६६६ ची. ह्याच अकादमीच्या वर्तुळात १६७६ मध्ये ओले रोमर ह्याने एक विलक्षण गोष्ट ताडली. गुरूच्या एका चंद्राची ग्रहणे कधी वेळेआधी, कधी वेळेनंतर लागतात. त्याचे कारण असे की प्रकाशाला येथवर येण्यास वेळ लागतो. सूर्याचा प्रकाश आपल्यापाशी सव्वाआठ मिनिटांहून थोड्या अधिक वेळाने येतो, हे आज आपल्याला ठाऊक आहे. म्हणजे सम्राट यंत्राची सावली ज्या उन्हाने पडते ते ऊन सूर्याने आठ मिनिटांपूर्वी सोडलेले असते. जयपूरला पायऱ्यांवर दगड बसत होते त्याच सुमारास इंग्लंडात जेम्स ब्रॅडलीने ताऱ्यांच्या किंचित डोलण्यावरून प्रकाशाच्या वेगाचा दुसरा पुरावा मिळविला. एकाच काळात तीन ठिकाणी प्रकाश आणि काळ ह्यांचा अभ्यास चालू होता. बुद्धीत जयपूर मागे होते असे म्हणवत नाही. फरक होता तो निराळ्या ठिकाणी. ला हीर १७१८ मध्ये वारला. पॅरिसला त्याची जागा भरली गेली आणि वेध पुढे चालू राहिले. जयसिंह २१ सप्टेंबर १७४३ ला वारला. त्याची जागा म्हणजे गादी. आणि गादीवर दोन मुलांचे भांडण होते.

येथे मराठी श्रोत्याला आपल्या घरची गोष्ट ऐकावी लागते. थोरला ईश्वरीसिंह आणि धाकटा माधोसिंह ह्यांच्या कलहात मराठे उतरले. कधी ह्या बाजूने, कधी त्या बाजूने, आणि प्रत्येक वेळी खंडणीच्या कराराने. १७४८ मध्ये जयपूरजवळ बगरू येथे लढाई होऊन मल्हारराव होळकरांच्या दडपणाखाली ईश्वरीसिंहाला टोंक, टोडा, मालपुरा, निवाई असे परगणे भावाला सोडावे लागले. निवाई म्हणजे चाकसूच्या अगदी शेजारचा. ठरलेली रक्कम फिटेना. १७५० च्या डिसेंबरात मल्हाररावांच्या फौजा जयपूरवर चालून आल्या तेव्हा ईश्वरीसिंहाने विष घेऊन जीव दिला. दुसऱ्याच महिन्यात, १० जानेवारी १७५१ रोजी, जयपूरकरांचा संताप उसळला आणि शहरात शिरलेल्या मराठ्यांची भयंकर कत्तल झाली. ज्या नगरात एका महाराष्ट्रीय पंडिताने युक्लिडला संस्कृत शिकविले, त्याच नगरात त्यानंतर थोड्याच वर्षांत मराठी शिपाई वेशीच्या आत मारले गेले. खंडणीचे हिशेब आपल्या दप्तरांत तपशीलवार सापडतात. त्या खंडणीच्या ओझ्याखाली वेधशाळेतील पंडितांच्या वर्षासनाचे काय झाले असेल, ते अनुमानानेच जाणावे. सरकारी तिजोरीला ओढ लागली की पहिली कात्री कोठे लागते, हे दप्तरात काम करणाऱ्यांना सांगावयास नको.

त्यानंतरचा काळ झिजेचा. पाऊस-वाऱ्याने चुना पडला, खुणा पुसल्या. १९०१-०२ मध्ये लेफ्टनंट गॅरेट ह्या इंग्रज अधिकाऱ्याने जयपूरच्या यंत्रांची मोठी दुरुस्ती केली. त्याला जुने ग्रंथ उलगडून सांगण्याचे काम चंद्रधर शर्मा गुलेरी ह्या विशीच्या आतल्या तरुणाने केले. ‘उसने कहा था’ ही कथा लिहून पुढे हिंदीत अमर झालेले गुलेरी हेच. २०१० मध्ये युनेस्कोने जयपूरच्या जंतरमंतरला जागतिक वारशाच्या यादीत स्थान दिले. आता तेथे प्रवाशांची रीघ असते. आषाढी पौर्णिमेच्या सायंकाळी ज्योतिषी सम्राट यंत्राच्या माथ्यावर ध्वज धरून वाऱ्याची दिशा पाहतात आणि पावसाचे भाकीत करतात. ज्या राजाने कोष्टकापेक्षा डोळ्यावर भरवसा ठेवला, त्याला हा विधी कितपत रुचला असता कोण जाणे. पण वर्षातून एकदा का होईना, यंत्राच्या शिखरावर उभे राहून माणसे आकाशाकडे पाहतात एवढे खरे.

जयपूरला आलेला प्रवासी सम्राट यंत्रावरची वेळ आणि मनगटावरची वेळ ताडून पाहतो आणि बहुधा यंत्र चुकले असे समजतो. ती चूक नव्हे. भारतीय प्रमाणवेळ साडेब्याऐंशी अंश रेखांशाची आहे. जयपूर तिच्या पश्चिमेला पडते, त्यामुळे तेथला सूर्य सुमारे २७ मिनिटे मागे. शिवाय वर्षभर सूर्य एकाच चालीने चालत नाही. फेब्रुवारीच्या मध्यास सावली घड्याळाहून सुमारे ४१ मिनिटे मागे असते आणि नोव्हेंबरच्या आरंभी अवघी ११ मिनिटे. मुंबईकराने तरी ह्याचे नवल करू नये. १ जानेवारी १९०६ ला प्रमाणवेळ लागू झाली तेव्हा मुंबईने आपली ३९ मिनिटे सोडण्यास साफ नकार दिला. फिरोजशहा मेहतांच्या प्रभावाखालील महापालिकेने आपल्या घड्याळांत मुंबईचीच वेळ ठेवली आणि ती जुनी वेळ स्वातंत्र्यानंतरही काही वर्षे शहरात टिकून होती. सूर्य आपल्या डोक्यावर केव्हा येतो हे कलकत्त्याहून किंवा सिमल्याहून कोणी सांगू नये, असा तो हट्ट होता. पुढे आगगाड्यांच्या आणि कचेऱ्यांच्या सोयीपुढे तो हट्ट गळाला. ते योग्यच झाले; चाकसू आणि जयपूर ह्यांच्यातील अर्ध्या मिनिटाचा मान राखावयाचा म्हटले तर वेळापत्रक छापणेच अशक्य.

जयसिंहाच्या पाच वेधशाळांपैकी एकीत काम पुन्हा सुरू झाले, आणि त्यात मराठी हात होता. उज्जैनची वेधशाळा मोडकळीला आली होती. ग्वाल्हेरच्या माधवराव शिंद्यांनी १९२३ मध्ये तिचा जीर्णोद्धार करविला आणि गोविंद सदाशिव आपटे ह्या ज्योतिर्विदाने तेथील कामाला पुन्हा शिस्त लावली. १९४२ पासून तेथून प्रत्यक्ष आकाशाशी जुळणारे ग्रहस्थितीचे पंचांग निघू लागले. मल्हाररावांच्या फौजांनी जयपूरला जे केले त्याची ही भरपाई म्हणावी, असे कोणी सुचविल्यास ते फार सोयीस्कर होईल; होळकर वेगळे, शिंदे वेगळे, आणि १७५० वेगळे. तरी हा जमाखर्च जवळजवळ मांडून पाहण्याचा मोह होतो खरा. स्वातंत्र्यानंतर मेघनाद साहांच्या समितीने राष्ट्रीय पंचांगाची आखणी केली तेव्हा रेखांश प्रमाणवेळेचा घेतला आणि अक्षांश उज्जैनचा. १९५७ च्या मार्चपासून शासकीय राजपत्रावर छापली जाणारी आणि आकाशवाणीवरून उच्चारली जाणारी शकाची तारीख त्या आखणीतून आली आहे. चाकसूच्या जत्रेने मात्र आपली चैत्र कृष्ण अष्टमी सोडलेली नाही आणि आपण फाल्गुन वद्य.

चाकसूच्या शाळेतील एखाद्या मुलाला हा सारा अभ्यास अंगणात करता येण्यासारखा आहे. मीटरभर उंचीची एक सरळ काठी जमिनीत उभी रोवावी. महाराष्ट्रात वर्षातून दोनदा सूर्य अगदी माथ्यावर येतो आणि काठीची सावली क्षणभर नाहीशी होते; चाकसू कर्कवृत्ताच्या उत्तरेला असल्याने तेथे तो योग कधीच येत नाही. २१ जूनलाही मध्याह्नी साडेपाच सेंटिमीटरांची सावली उत्तरेकडे पडलेली असते. २२ डिसेंबरला तीच जवळजवळ १२० सेंटिमीटर होते. दोन्ही दिवशी सावलीच्या टोकावर खडा ठेवावा. दोन खड्यांमधले अंतर मोजले आणि थोडे त्रिकोणमितीचे गणित केले की क्रांतिवृत्ताचा तिरकसपणा निघतो; तो २३ अंश २८ कला येणार नाही, पण २३ अंशांच्या आसपास नक्कीच येईल. जयपूरच्या सम्राट यंत्राजवळ त्याच दिवशी दुसरा मुलगा उभा असेल, तर चाकसूच्या मुलाची सावली सर्वांत आखूड होईल ती अर्धा मिनिट आधी.